चार फुटांत मारबत

काळी मारबत, म्हणजे इडापिडा घेऊन जाणारा बाईचा मोठा पुतळा, नागपुरात १८८१ पासून मिरवणुकीने निघते. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी इतवारीच्या गल्ल्यांतून ती जाते आणि ‘घेऊन जा गे मारबत’ ही आरोळी उठते. आमच्या स्टॉप-मोशन लघुपटात, म्हणजे बाहुल्या जराजरा हलवत एकेक फोटो काढून केलेल्या सिनेमात, हाच प्रसंग आहे. दिग्दर्शकाला मारबत अंगावर येणारी हवी होती. टेबलावर जागा चार फूट, मारबत हातभर.

मी मूळची शिल्पकार, नागपुरातल्या मूर्तिकारांच्या चितार ओळीत मातीत हात घालून वाढले. उठावशिल्पात बोटभर जाडीत अख्खा जमाव उभा करतात. पुढच्या माणसाचा खांदा पुरता सुटतो, मागचे चेहरे जवळजवळ रेघांवर येतात. प्रॉडक्शन डिझाइनला, म्हणजे सिनेमाचे सेट उभारायला लागल्यावर मला हेच सगळ्यात कामी आलं. गल्लीचा पुढचा दरवाजा मोठा ठेवला, मागचे लहान लहान करत नेले, सज्जे आत झुकवले, जमीन मागे किंचित चढवली. कॅमेऱ्याच्या जागेवरून बघा, गल्ली संपतच नाही!

पण मूर्ती नुसती बघायची असते, सेटमध्ये हात घालावा लागतो. सेकंदाला २४ फ्रेम. एक पोझ दोन फ्रेम धरली तरी मिनिटभराच्या सीनला ७२० पोझ. त्या दिवशी सेटच्या पुठ्ठ्याच्या डमीवर अ‍ॅनिमेटर पोरगा वाकला नि म्हणाला, “ताई, मारबतीच्या मानेपर्यंत हातच नाही पोचत न जी.”

सगळी दुपार त्यातच गेली. डावी भिंत तीन तुकड्यांत कापली, सांधे लाकडी खांबांमागे लपवले. प्रत्येक तुकड्याखाली लोखंडी खुंट्या ठोकल्या, कारण काढून परत बसवताना तुकडा केसभर सरकला तरी पडद्यावर भिंत थरथरते. जमिनीला खालून भोकं पाडली, बाहुल्यांच्या पावलांत स्क्रू पिळायला. मला हे काम मूर्तीच्या डोळ्यांइतकंच नाजूक वाटतं.

संध्याकाळी उजेड बघितला. वरच्या दिव्यात गल्ली सपाट, मेलेली. तो बंद करून एकच दिवा बाजूने, अगदी खाली धरला. विटांच्या कडा उठल्या, मारबतीची सावली समोरच्या सज्ज्यावर चढली. दिग्दर्शक म्हणाले, “बस, हीच!”

दुसऱ्या, पिवळ्या मारबतीचं काम आता सुरू होईल. मिरवणुकीत दोघींची गाठ नेहरू पुतळ्याच्या चौकात पडते. तिथे गर्दीवर मोकळं आभाळ हवं, म्हणून तो चौक बाजूच्या भिंतींशिवाय उभारायचा, यावर मी अडून बसले आहे.