कांदेनवमीनंतरचा पिझ्झा

पिझ्झा खावासा वाटतो म्हणजे नेमकं काय खावंसं वाटतं, याचा विचार मी आषाढात करते तितका एरवी करत नाही. बेळगावात आषाढाचा पाऊस मुक्कामालाच येतो. दोरीवरचे कपडे वाळत नाहीत, मिठाच्या बरणीत पाणी सुटतं, पापडाचा डबा उघडायची सोय उरत नाही, आणि घरातल्या प्रत्येकाला सतत काहीतरी गरम आणि चमचमीत हवं असतं. भजी होऊन गेलेली असतात. संध्याकाळी मुलगी येते, गळती छत्री बाल्कनीत उघडी ठेवते आणि तिथूनच म्हणते, "आई, पिझ्झा मागवूया की."

मागवायला हरकत काही नाही. पण तिसऱ्या रेल्वे गेटाकडून तो पोरगा भिजत येणार, खोका मऊ पडलेला असणार आणि आतला पिझ्झा कोमट. कोमट पिझ्झा हा प्रकार मला मान्यच नाही. गार झालेलं चीज आळतं, खालचा ब्रेड चिवट होतो आणि आपण पैसे दिलेत म्हणून तो चावत बसतो. घरी करावा तर ओव्हन नाही. बेकरीतले पांढरे, जाड, तयार बेस आणून तव्यावर झाकण ठेवून पिझ्झा करण्याचा खटाटोप आमच्या पिढीतल्या बहुतेक घरांनी केलाय. खालून करपतो, वरून चीजला नुसता घाम येतो. नेपल्सच्या पिझ्झावाल्यांच्या कलेला युनेस्कोनं २०१७ साली मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. त्यांची लाकडाची भट्टी साडेचारशे अंशांच्या आसपास तापते आणि पिझ्झा दीड मिनिटात बाहेर पडतो. आमच्या बिडाच्या तव्यानं त्या भानगडीत पडू नये.

मग मी बेसच काढून टाकला. पिझ्झा हवा म्हणणाऱ्या माणसाला जाड ब्रेड हवा असतो असं मला वाटत नाही. त्याला हवा असतो तो वास. तापलेल्या तेलातला टोमॅटो, त्यावर ओरेगॅनो, वितळत असलेलं चीज. हा वास ज्या कशावर बसेल तो पिझ्झा. माझ्याकडे तो पास्त्यावर बसतो. लोखंडी कढईत शिजवायचा, वर चीज पसरायचं, झाकण ठेवायचं आणि कढईच टेबलावर आणायची. इटालियन माणसाला दाखवला तर तो एकाच वेळी दोन कारणांनी दुखावेल, पण टिळकवाडीत तशी भीती नाही.

पास्ता घेताना मात्र पाकीट उलटं करून वाचावं. सुटी, किलोवर मिळणारी मॅकरोनी बहुतेक वेळा मैद्याची असते. पाच मिनिटं जास्त राहिली की तिची पेज होते. ड्युरम गव्हाच्या रव्याचा पास्ता चार पैसे महाग, पण उकळला तरी आपला आकार सोडत नाही. हा ड्युरम गहू फार परका समजायचं कारण नाही. आपल्या पोळीच्या गव्हात ४२ गुणसूत्रं असतात, ड्युरममध्ये २८, आणि आपल्या खपली गव्हातही २८. म्हणजे नात्यानं खपली त्याला पोळीच्या गव्हापेक्षा जवळची. इकडे बेळगाव-धारवाडकडे आणि वर सांगली-कोल्हापुरात खपली अजून पेरतात, तिच्या सुधारित जाती धारवाडच्या कृषी विद्यापीठानं काढल्या आहेत. गव्हाची खीर खपलीचीच हवी असं इथं कुठल्याही लग्नघरात ऐकायला मिळतं, कारण दाणा शिजतो पण फुटत नाही. शेवयांनाही तीच बरी. माझ्या आजेसासूबाई उन्हाळ्यात रव्याचं पीठ भिजवून दोन बोटांत गव्हले वळत. मुलीला मी एकदा कपाटातली ती जुनी बरणी दाखवली तर म्हणाली, "आज्जी, हा तर सगळ्यात छोटा पास्ता!" सासूबाईंनी ते फारसं मनावर घेतलं नाही.

सासूबाईंचा या पदार्थाशी खरा संबंध आला तो त्यांच्या चातुर्मासामुळे. आषाढ शुद्ध नवमीला, म्हणजे कांदेनवमीला, आमच्याकडे कांद्याचा नुसता उत्सव असतो. कांदाभजी, कांद्याची थालीपीठं, कांद्याचा झुणका. दोनच दिवसांनी एकादशी. तिथून थेट कार्तिकीपर्यंत त्यांच्या ताटात कांदा नाही, लसूण नाही, वांगं नाही. आम्हाला त्या काही बंदी करत नाहीत. पण रोज दोन कढया कोण चढवणार? त्यामुळे चार महिने घराचा स्वयंपाकच बिनकांद्याचा होतो आणि पिझ्झा पास्ताही त्यातून सुटत नाही.

"लसणीशिवाय पिझ्झा?" मुलीनं विचारलं होतं. प्रश्न बरोबर होता. मीही तोवर लसूण म्हणजेच पिझ्झाचा निम्मा जीव असं धरून चालले होते. तेलात लसूण परतला की काम झालं, पुढं टोमॅटो कसाही असो. लसूण काढला की टोमॅटो उघडा पडतो. मग त्याला खरोखर नीट शिजवावं लागतं.

तर आता कृती, पण कृती म्हणून नव्हे. चार माणसांना पाव किलो पास्ता पुरतो. इटालियन शिस्त सांगते की १०० ग्रॅम पास्त्याला १ लिटर पाणी आणि १० ग्रॅम मीठ. मीठ मी तेवढंच खारट ठेवते, पण पाणी बरंच कमी घेते, कारण पास्त्याचं पिठूळ पाणी मला दाट हवं असतं. त्यातल्या स्टार्चमुळे सॉसमधलं तेल आणि टोमॅटोचं पाणी फाटून वेगळं होत नाही. भाताच्या पेजेचं महत्त्व कळणाऱ्या माणसाला हे वेगळं सांगायला नको. ते पाणी मोरीत ओतणाऱ्यांशी मात्र मी बोलत नाही.

टोमॅटो पाच-सहा, पिकलेले, किसून. किसणीवर साल आपोआप हातात उरतं. पावसाळ्यात टोमॅटोचा भरवसा नसतो. २०२३ च्या जुलैत त्यानं कित्येक शहरांत किलोला शंभरी ओलांडली, तेव्हा मी लाल भोपळ्याची एक फोड वाफवून, कुस्करून त्यात मिसळायला लागले. भाव उतरला तरी भोपळा राहिला. तो रंग देतो, गोडवा देतो, आणि कांद्याची जी जागा रिकामी झाली आहे तिथं गपगुमान बसतो. भोपळा न खाणाऱ्यांनाही तो कळत नाही, सांगायचं नाही एवढंच.

चिली फ्लेक्सची पाकिटं मला न पटणारी गोष्ट आहे. आपण राहतो कुठं? हुक्केरी तालुक्यात संकेश्वर, आणि तिकडं खाली हावेरी जिल्ह्यात ब्याडगी. वर्षाच्या मसाल्यासाठी दोन्ही मिरच्या घरात आणलेल्या असतातच. ब्याडगी रंगाला, संकेश्वरी ठसक्याला. दोन-दोन मिरच्या कोरड्या भाजून खलबत्त्यात जाडसर कुटल्या की झालं. इतिहासच बघायचा तर टोमॅटो आणि मिरची दोन्ही अमेरिका खंडातून आलेल्या. नेपल्सला जितक्या पाहुण्या तितक्याच आपल्याला.

लसणीच्या जागी हिंग. चांगला, खडा फोडून घेतलेला, तापल्या तेलात. टोमॅटो आणि हिंग यांचं जमतं हे आपल्याला साराने शिकवलंच आहे. सासूबाई कढईत डोकावून म्हणाल्याही, "हे तर सार झालं की गं. आता त्यात शेवया टाकणार काय?"

"खाऊन बघा की, आई."

पण तोवर त्यात पिझ्झा कुठंच नव्हता. ओरेगॅनोची बाटली तळाशी आलेली आणि जे काही उरलं होतं त्याला वाळल्या गवताचा वास. इथं आमच्या शेजारच्या अक्का उपयोगी पडल्या. त्यांच्या गच्चीत पानओव्याच्या तीन-चार कुंड्या आहेत. त्या त्याला कानडीत दोड्डपत्रे म्हणतात. जाड, लवदार, कातरलेल्या कडांची पानं. बेळगावात ही कुंडी नसलेलं घर शोधावं लागेल. पोराला खोकला झाला की पानाचा रस मधातून, पाहुणे आले की बेसनात बुडवून भजी, आणि त्यांच्याकडे दह्यातली तंबळी. पावसात कुंडीत पाणी साठलं की ते झाड कुजतं, म्हणून अक्का आषाढात सगळ्या कुंड्या छज्जाखाली ओढतात. मी त्यातली एक फांदी मागून आणलेली.

ओरेगॅनोच्या वासातला मोठा वाटा कार्व्हाक्रॉल आणि थायमॉल या दोन द्रव्यांचा. पानओव्याच्या पानातही हीच दोघं असतात. आपल्या डब्यातल्या ओव्यात थायमॉल भरपूर. ओवा हा जिरे-धन्यांच्या कुळातला, पानओवा तुळशीच्या, आणि ओरेगॅनोही तुळशीच्याच. म्हणजे घराणं एक आणि वासही एक. पान कच्चं चुरगाळलं तर दवाखान्याची आठवण येते, म्हणून ते कच्चं घालायचं नाही. पाच-सहा पानं बारीक चिरायची, चमचाभर तेल वेगळं तापवून त्यात कडा कुरकुरीत होईपर्यंत परतायची आणि अगदी शेवटी, चीजच्या आधी, कढईत ओतायची. पहिल्यांदा ओतली तेव्हा मुलगी आतल्या खोलीतून बाहेर आली आणि म्हणाली, "मागवलास काय पिझ्झा?"

मला जे कळायचं होतं ते तिथं कळलं. ब्रेड काढला, कांदा काढला, लसूण काढला, तरी पिझ्झा शिल्लक राहिला होता. तो त्या वासात होता, आणि तो वास शेजारच्या गच्चीवर.

मुलीची एक जैन मैत्रीण येते. तिच्या घरी चातुर्मासात पालेभाजीही बंद, म्हणजे पानओव्याचंही पान नाही. तिच्या वाटणीला मी चिमूटभर ओवा हातावर चोळून हिंगाबरोबर तेलात टाकते. थोडं जिभेला झोंबतं, पण रस्ता तोच. चीजच्या पाकिटावरचा हिरवा ठिपका ती स्वतः बघून घेते.

चीजबद्दल घरात दोन तट आहेत. नवऱ्याला क्यूब किसून हवी, कारण ती खारट आणि लहानपणापासूनची. मुलीला तार हवी. प्रोसेस्ड चीजमध्ये जे इमल्सिफायर क्षार घालतात ते प्रथिनांच्या जाळ्यातलं कॅल्शियम पकडून ठेवतात. त्यामुळे ती छान मऊ, एकजीव वितळते, पण तार धरत नाही. मोझरेलाचं दही गरम पाण्यात ओढून ताणलेलं असतं, म्हणून तिचे धागे निघतात. दोन्ही घालावं. शंभर ग्रॅम मोझरेला, एक क्यूब, वर झाकण आणि मंद आचेवर तीन-चार मिनिटं. झाकण पुन्हापुन्हा उघडून बघणाऱ्याला मी कांदा चिरायला बसवलं असतं, पण कांदा नाही.

सासूबाईंनी खाल्ला. काटा त्यांना नको असतो. वाटीत घेऊन चमच्यानं. निम्मी वाटी झाल्यावर म्हणाल्या, "पातळ असता तर भाताबरोबर बरा लागला असता." मग उरलेली वाटी संपवली, आणि कढईच्या कडेला लागलेली चीजची खरपुडी उलथन्यानं काढून ताटात घेतली. त्या खरपुडीवरून आमच्याकडे एरवी भांडण होतं. त्या दिवशी कुणी बोललं नाही.

अक्कांना डबा पाठवला, फांदीची परतफेड म्हणून. डबा परत आला तो रिकामा नव्हता, पण आत पास्ता नव्हता, शेंगदाण्याची चटणी होती. हे त्यावर घालून खायचं, असं त्या कुंपणावरून ओरडून म्हणाल्या, "चीज कशाला वहिनी, हे घालून बघा की!" त्यांनी नंतर स्वतः केला तेव्हा जाड शेवया घेतल्या, चीज अजिबात नाही, वर मूठभर चटणी. त्याला त्या पिझ्झाच म्हणतात. आता आमच्या टेबलावरही कढईशेजारी चटणीची वाटी असते. मुलगी तिला हात लावत नाही. नवरा आधी तीच ओढतो आणि मग चीजची चौकशी करतो.