मार्चमध्ये मुलं गावात नसतात

माझी भाची राज्यसेवेच्या मुख्य परीक्षेचा अभ्यास करते आहे. परवा तिचा फोन आला, "मावशी, फलनिष्पत्ती अर्थसंकल्पावर उत्तर लिहायचंय. तुझ्या खात्यातलं एखादं उदाहरण सांग ना." तिने वहीतली व्याख्या वाचून दाखवली. पैसा किती खर्च झाला यावर न थांबता त्यातून काय साधलं ते बघायचं. २००५-०६ साली पी. चिदंबरम अर्थमंत्री असताना केंद्राने असा अर्थसंकल्प पहिल्यांदा मांडला. २०१७-१८ पासून योजनांची अपेक्षित फलितं अर्थसंकल्पासोबतच मांडली जातात. व्याख्या बरोबर आहे आणि मला ती मनापासून पटते. उदाहरण मात्र फोनवर सांगून होण्यासारखं नव्हतं, म्हणून इथे लिहिते.

मी एकात्मिक बालविकास योजनेत मुख्यसेविका होते, म्हणजे अंगणवाड्यांवर देखरेख करणारी. सह्याद्रीलगतचा आदिवासी तालुका, माझ्या बीटमध्ये, म्हणजे माझ्याकडे सोपवलेल्या भागात, २६ अंगणवाड्या. आमच्या कामाचं फलित एका ओळीत मांडलं जायचं: सॅम किती, मॅम किती. म्हणजे तीव्र कुपोषित मुलं किती आणि मध्यम कुपोषित किती. आकडा खाली गेला की काम चांगलं, वर गेला की वाईट.

२०१८ च्या ऑगस्टमध्ये मी एका पाड्यावर गेले होते. आवणीचे, म्हणजे भाताची रोपं लावण्याचे दिवस. आया पहाटेच शेतावर गेलेल्या, लहानग्यांजवळ सात-आठ वर्षांच्या बहिणी. चौदा महिन्यांची एक मुलगी रजिस्टरवर मॅममध्ये होती. वजन ६.१ किलो, लांबी ६७ सेंटीमीटर. तिला उचलून घेतलं आणि माझ्या हातांनाच ते वजन पटेना. काटा शून्यावर आणला, तिला झोळीत बसवलं, सुई थरथरून थांबली. ६.१ च. वजन बरोबर होतं. मग लांबी घेतली. दोन वर्षांखालचं मूल झोपवून मोजायचं असतं आणि त्याला दोन माणसं लागतात. एकाने डोकं पाटीला टेकवून धरायचं, दुसऱ्याने गुडघे अलगद दाबून पाय सरळ करायचे. सेविका एकटी, मदतनीस चुलीपाशी, मूल रडून पाय पोटाशी घेतंय. अशा वेळी गुडघे वाकलेलेच राहतात. आम्ही दोघींनी मिळून मोजली तर ७० भरली. दंडाचा घेर मोजायची पट्टी लावली. ११.३ सेंटीमीटर. साडेअकराच्या खाली लाल, म्हणजे सॅम.

तीन सेंटीमीटरनी काय होतं, हे या खात्याबाहेरच्या माणसाच्या चटकन लक्षात येत नाही. सॅम-मॅम ठरवताना लांबीच्या मानाने वजन बघतात. लांबी कमी लिहिली की तेवढंच वजन पुरेसं दिसू लागतं. ६७ ला ६.१ किलो म्हणजे मॅम, ७० ला ६.१ किलो म्हणजे सॅम. मूल तेच, त्याचं अंग तेच. त्या वेळच्या दराने पूरक आहाराला साध्या मुलामागे दिवसाला ८ रुपये होते आणि सॅम मुलामागे १२ रुपये, वर्षातले ३०० दिवस. म्हणजे कागदावर मॅम झालेल्या त्या मुलीच्या ताटातून रोजचे चार रुपये गेले होते, आणि ग्राम बाल विकास केंद्रातल्या ३० दिवसांच्या खास आहारातली तिची जागाही. आकडा पैशाला जोडणं म्हणजे काय, ते मला त्या दिवशी तिच्या दंडावर दिसलं.

त्या महिन्यात मी सगळ्या २६ अंगणवाड्यांत मोजमाप पुन्हा घेतलं. सॅम मुलं ३ होती, ११ झाली. पुढच्या आढावा बैठकीत पडद्यावर सगळ्या बीटांची यादी लावली होती आणि माझी ओळ लाल होती. "तुमच्याकडेच एवढी कशी वाढली?" एवढंच विचारलं गेलं. पुन्हा मोजली म्हणून वाढली, हे मी सांगितलं. उत्तरादाखल कारणे दाखवा नोटीस हातात आली. बाहेर आल्यावर शेजारच्या बीटची मैत्रीण हळूच म्हणाली, "ताई, एवढं काटेकोर मोजू नका हो. ओरडा सेविकांनाच बसतो." ती वाईट बाई नव्हती. स्वतःच्या सेविकांना जपत होती.

यात एक गोष्ट मला फार सलते. आर्थिक वर्ष ३१ मार्चला संपतं. वर्षाचा आकडा मार्चचा, तुलना मार्चची मार्चशी. आणि आमच्याकडे मार्चमध्ये मुलं गावातच नसतात. दिवाळीनंतर नागली (नाचणी) आणि भाताची कापणी उरकली की घरंच्या घरं पोराबाळांसकट दिंडोरी-निफाडकडे द्राक्षाच्या कामाला जातात, कोणी वीटभट्टीवर. ज्यांच्या घरी खायला सगळ्यात कमी, तेच सगळ्यात आधी निघतात. मागे राहतात ती त्यातल्या त्यात बरी मुलं. ती मोजली की मार्चचा आकडा छान येतो. पोटाला खरा चिमटा बसतो तो आषाढ-श्रावणात, घरातली नागली संपलेली आणि नवी अजून शेतात असते तेव्हा. भुकेचं वर्ष आणि सरकारचं वर्ष जुळत नाही. ही गोष्ट तालुक्यातल्या प्रत्येक सेविकेला माहीत आहे.

बाहेरचे लोक येऊन मोजतात तेव्हा चित्र वेगळं असतं. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातल्या पाच वर्षांखालच्या खुज्या, म्हणजे वयाच्या मानाने उंची कमी असलेल्या मुलांचं प्रमाण २००५-०६ ला ४६.३ टक्के होतं, २०१५-१६ ला ३४.४ झालं. हे यश खरं आहे. त्यात हजारो सेविकांचे पाय झिजले आहेत, आणि कुपोषण कमी करण्यासाठी २००५ साली सुरू झालेल्या राजमाता जिजाऊ मिशनचाही वाटा आहे. पण त्यापुढच्या, २०१९-२१ च्या पाचव्या फेरीत तोच आकडा ३५.२ वर आला. उंचीच्या मानाने वजन कमी असलेली मुलं २००५-०६ ला १६.५ टक्के, पुढच्या दोन्ही फेऱ्यांत २५.६. देशाचंही लक्ष्य हुकलं. केंद्राच्या पोषण अभियानाने २०२२ पर्यंत खुजेपणा ३८.४ वरून २५ टक्क्यांवर आणायचं ठरवलं होतं. पाचव्या सर्वेक्षणात तो ३५.५ निघाला. ही सर्वेक्षणं करणाऱ्या माणसांचा पगार, बढती, नोटीस काही त्या आकड्यावर अवलंबून नसतं.

म्हणून भाचीला माझं सांगणं आहे की मोजणं नको असं अजिबात लिहू नकोस. मी नोकरीला लागले तेव्हा फक्त खर्चाचा हिशोब विचारायचे. सुकडीची (मुलांच्या पूरक आहाराच्या पिठाची) किती पोती आली, किती वाटली, रिकाम्या पोत्यांचं काय केलं. मूल वाढलं का, हे वर्षानुवर्षं कोणी विचारलंच नाही. ते विचारायला लागले, फार बरं झालं. पण जिने मोजायचं तिलाच त्या आकड्यावरून धारेवर धरायचं, हे बंद करा. दुसऱ्या बीटची, दुसऱ्या तालुक्याची जोडी पाठवा, ऑगस्टमध्ये पाठवा. आणि सॅमची संख्या वाढलेली दिसली की तिथे नोटीस न धाडता आहाराचे पैसे धाडा. शोधून काढलेलं मूल हेही त्या सेविकेच्या कामाचं फलितच आहे.

त्या चौदा महिन्यांच्या मुलीला बाल विकास केंद्रात घेतलं. दिवसातून कितीतरी वेळा थोडं थोडं भरवायचं. सेविका, मदतनीस आणि तिची आजी, तिघींनी पाळ्या लावल्या. तिसाव्या दिवशी ६.८ किलो. सातशे ग्रॅम. आजीने काट्याकडे बघत मला तीनदा तोच आकडा वाचायला लावला. मासिक अहवालात या सातशे ग्रॅमसाठी रकाना नव्हता, मी ते समासात पेनने लिहून पाठवलं.

दिवाळीनंतर तिची आई तिला घेऊन द्राक्षाच्या कामाला गेली. मार्चच्या यादीत माझी ओळ हिरवी झाली होती. मे महिन्यात ती परत आल्याचं कळलं तशी मी पाड्यावर गेले, सेविकेला म्हटलं, चला, डोकं तुम्ही धरा, पाय मी धरते.