मरणरेल्वेच्या मजुरांच्या मुलाखती घेताना

दुसऱ्या महायुद्धात सयाम (आताचं थायलंड) ते बर्मा अशी रेल्वे बांधायला मलायाच्या (आताचं मलेशिया) रबर मळ्यांतून तमिळ मजुरांना जपान्यांनी नेलं. हीच मरणरेल्वे. त्यांतल्या वाचलेल्यांशी बोलताना मी साल कधीच विचारत नाही. विचारलं तर नातवाने वाचलेलं साल आजोबांच्या तोंडून बाहेर पडतं. त्याऐवजी विचारायचं, "तिथली पहिली दिवाळी कशी गेली?" सयाममधलं नोंग प्लादुक ते बर्मातलं थानब्युझायात हा 415 किलोमीटरचा मार्ग 17 ऑक्टोबर 1943 ला कोनकोइता इथे जोडला गेला आणि त्या वर्षीची दिवाळी त्यानंतर दहा-बारा दिवसांनी आली. म्हणून "दिवाळीत काम चालूच होतं" एवढ्यावर थांबू नये. काम कसलं, हेही विचारावं. इंजिनासाठी लाकूड तोडणं किंवा दुरुस्ती असेल, तर काळ रूळ जुळल्यानंतरचा.

जागा ठरवायलाही नकाशा शेवटी काढतो. आधी विचारायचं : मालगाडीतून उतरल्यावर किती रात्री चालवलं, नदी कोणत्या हाताला होती, पटकीची साथ आली तेव्हा पाऊस लागला होता का. "मी क्वायच्या पुलावर होतो" हे उत्तर तर फारच जपून घ्यावं. पूल सिनेमाने गाजवला, आणि तो ज्या नदीवर आहे तिला तेव्हा मे क्लोंग म्हणत. क्वाय याई हे नाव युद्धानंतरचं.

दुभाषा हा सगळ्यात नाजूक भाग. तो दहा मिनिटांचं बोलणं "खूप हाल झाले म्हणतात" असं एका वाक्यात आटपतो. त्याला कॅमेऱ्याला अगदी खेटून बसवावं, म्हणजे त्याच्याकडे बघून बोलतानाही आजोबांची नजर कॅमेऱ्याजवळच राहते. पूर्ण उत्तर होईपर्यंत त्याने मध्ये बोलायचं नाही. घरच्यांना दुसऱ्या खोलीत चहाला बसवावं; मुलगा शेजारी असला की वाक्यं तोच पुरी करतो.

आवाजासाठी कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर, रेकॉर्डिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिटवर. पंखा आणि फ्रिज बंद. गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवावी, म्हणजे निघताना तो चालू करायला विसरत नाही. पत्र्याच्या छपरावर पाऊस आला की थांबायचं, तो आवाज नंतर काढता येत नाही. संमती तमिळमध्ये वाचून दाखवून कॅमेऱ्यावरच घ्यावी. संग्रह, चित्रपट आणि इंटरनेट यांची वेगवेगळी. एका बैठकीला तासभर पुरे. मृत्यूंचे प्रश्न पहिल्या दिवशी नकोत.

सेकंदाला 100 मेगाबिटने चित्रीकरण केलं तर तासाला 45 जीबी होतात. त्याच रात्री तीन प्रती, एक दुसऱ्या गावी. मुलाखत ऐकून कागदावर उतरवणारा लेखनिक मात्र मलेशियातलाच हवा. चेन्नईचा माणूस बोलण्यातले मलय शब्द चुकीचे ऐकतो, आणि मळ्यांची नावं हमखास बिघडवतो.

शेवटची पंधरा मिनिटं मी एकाच प्रश्नासाठी राखतो : सोबत कोण कोण गेलं होतं? नाव, बापाचं नाव, मळा. थायलंडमधल्या कांचनबुरीच्या युद्ध दफनभूमीत दोस्त राष्ट्रांच्या सैनिकांची नावं दगडावर कोरलेली आहेत, मजुरांची तिथे नाहीत. ही यादी वेगळ्या कागदावर उतरवून लगेच परत वाचून दाखवावी. ऐकताना आणखी दोन-तीन नावं आठवतात.