धुमाळ, नुसतं धुमाळ

मटार सोलायला बसलं की मला समोर काहीतरी हलतं-बोलतं लागतं. काल दुपारी मोबाइल साखरेच्या डब्याला टेकवून 'जिद्दी' लावला, 1964 चा. जॉय मुखर्जी आणि आशा पारेख यांचं काय ते चाललंच होतं. मग मेहमूद आला, शुभा खोटे आली, आणि पाठोपाठ धुमाळ, जुन्या हिंदी सिनेमातला आपला विनोदी नट. झालं. दाणे सालांत आणि सालं पातेल्यात पडायला लागली.

अनंत बळवंत धुमाळ असं भारदस्त पूर्ण नाव. पण सिनेमावाल्यांनी सगळं गाळून नुसतं 'धुमाळ' ठेवलं. शाळेत मास्तर हाक मारतात तसं.

आमच्या लहानपणी रविवारी संध्याकाळी दूरदर्शनवर हिंदी सिनेमा लागला की आजी त्यातल्या मराठी माणसांची हजेरी घ्यायची. ललिता पवार आपल्या, दुर्गाबाई खोटे आपल्या, शुभा खोटे तर आपलीच. धुमाळ दिसला की तिचा हात वातीवरून उठायचा. "आला बघ आपला धुमाळ!"

आजोबा पेपरातून डोकं न काढता म्हणायचे, "आपला कसला? बडोद्याचा आहे तो."

"मग बडोदं कुणाचं? गायकवाड काय परके झाले?"

हा संवाद दर वेळी, शब्दही न बदलता. तोवर सिनेमातला प्रसंग उरकून गेलेला असायचा, त्यामुळे धुमाळ मी खरा पाहिला तो मोठेपणीच.

'ससुराल', 'हमराही', 'लव्ह इन टोकियो'... मेहमूद, शुभा खोटे आणि धुमाळ या तिघांचा एक संसारच होता म्हणा ना. मेहमूदनं उड्या मारायच्या, शुभानं लाजायचं नाहीतर फणकारायचं, आणि तिचा बाप झालेल्या धुमाळनं आडवं यायचं. शॉट झाल्यावर हा बाप आणि ही लेक कोपऱ्यात मराठीत काय बोलत असतील, याची मला उगाचच उत्सुकता. भाजीच्या भावाबद्दल असावं असं मी ठरवून टाकलंय.

काल नीट पाहिलं. हा माणूस विनोद करतच नाही. तो खरंच चिडतो. डोळे वटारतो, आवाज चढवतो, पुन्हा पुन्हा फसतो आणि प्रत्येक वेळी पहिल्यांदाच फसल्यासारखा. आपण हसतो मेहमूदला.

आमच्या वाड्यामागे एक भिंत होती. खेळायला कुणी मिळालं नाही की मी तिच्यावर टेनिसचा चेंडू मारत बसायची. एके ठिकाणी पोपडा निघून वीट उघडी पडली होती. नेमका तिथं लागला की चेंडू भलतीकडे उसळायचा. ती वीट मी मुद्दाम हेरून मारायची. एकटीच खेळत होते असं घरी सांगायची, भिंतीला कोण धरतंय!

'गुमनाम'मधली मेहमूदची लुंगी आणि ते गाणं सगळ्यांना आठवतं. धुमाळही त्याच बंगल्यात होता, धरमदास नावानं, हे आठवण करून द्यावं लागतं. मी देते. लग्नाच्या पंगतीतसुद्धा देते. आमच्या घरचे आता अशा वेळी पाणी मागतात.

1987 साली तो गेला. आमच्याकडे रोज पेपर यायचा, आजोबा तो अक्षर न् अक्षर वाचायचे, तरी कुणाच्या लक्षात आल्याचं मला आठवत नाही. त्यानंतरही कितीतरी रविवार आजीचा हात वातीवरून उठत होता. "आला बघ आपला धुमाळ."