पासवाले आले नाहीत

स्टेडियममध्ये किती माणसं आली, या साध्या प्रश्नाला आमच्या धंद्यात किमान चार उत्तरं असतात. खुर्च्या किती, त्यातल्या विक्रीला काढल्या किती, तिकिटं आणि पास मिळून बाहेर गेले किती, आणि स्कॅनरने आत घेतले किती. पहिले तीन आकडे एसी खोलीत तयार होतात. चौथा आम्ही गेटवर उन्हात उभं राहून काढतो आणि नेमका तोच कुणाला आवडत नाही, कारण तो कायम सगळ्यात लहान असतो.

मी गेट सुपरवायझर आहे. कंत्राटदाराकडून जाते. क्रिकेट, कबड्डी, गाण्यांचे कार्यक्रम, जे काम येईल ते. ३० ऑक्टोबर २०२२ च्या रविवारी मी नेरुळला डी. वाय. पाटील स्टेडियमवर होते. १७ वर्षांखालील मुलींच्या फुटबॉल विश्वचषकाचा शेवटचा दिवस. साडेचारला तिसऱ्या क्रमांकासाठी नायजेरिया–जर्मनी आणि रात्री आठला फायनल, स्पेन–कोलंबिया. एका तिकिटावर दोन्ही मॅच.

या स्पर्धेच्या नशिबात सुरुवातीपासून विघ्नंच होती. व्हायची होती २०२० मध्ये, ती करोनात गेली. मग २०२२ मिळालं, तर १५ ऑगस्टला फिफाने भारतीय महासंघालाच निलंबित केलं. २६ ऑगस्टला ते उठलं, पण स्पर्धा ऑक्टोबरात. म्हणजे तिकिटांची हवा करायची त्या दिवसांत ‘होणार की जाणार’ हीच चर्चा. त्यात आपल्या मुलींच्या तिन्ही मॅच भुवनेश्वरला. अमेरिकेकडून आठ, मोरोक्कोकडून तीन, ब्राझीलकडून पाच गोल खाऊन त्या साखळीतच बाहेर पडल्या. नेरुळला ‘आपलं’ असं कुणीच खेळत नव्हतं. आणि याच मैदानावर २०१७ मध्ये मुलांच्या विश्वचषकाची सेमीफायनल झालेली. ती अख्खी स्पर्धा १३,४७,१३३ प्रेक्षकांनी पाहिली होती. हा आकडा स्टेडियमच्या कामाशी संबंध असलेल्या प्रत्येकाच्या डोक्यात बसलेला. मुलींच्या वेळी स्टँड ओस दिसले तर? ही भीती वाटली की आपल्याकडे एकच उपाय सुचतो: पास वाटा.

पासांवर माझा राग जुना आहे. फुकट पासाला आपल्याकडे विकतच्या तिकिटापेक्षा जास्त मान. ‘मला पास आला’ हे सांगण्यातच अर्धी मजा संपते, प्रत्यक्ष जायचं कुणाला असतं? गेटवर काम करणारा कुणीही सांगेल, विकत घेतलेल्या तिकिटातली थोडीच गळतात आणि पासांचा मोठा गठ्ठा उगवतच नाही. माझ्या बाजूला खालच्या स्टँडमधला एक मोक्याचा ब्लॉक असाच राखून ठेवलेला, मुख्य कॅमेऱ्याच्या अगदी समोर. पास गेलेले एका प्रायोजकाच्या कर्मचाऱ्यांना आणि बऱ्याच शाळांना. शाळांना! भाऊबीज होऊन चार दिवस झालेले, दिवाळीची सुट्टी चालू, पोरं गावाला, शिपायाशिवाय शाळेत कुणी नाही. ज्याने ही यादी केली त्याच्या घरी शाळेत जाणारं एकही मूल नसावं.

दुपारी गेट उघडलं. बाहेरच्याला वाटतं तिकीट तपासणं म्हणजे काय, यंत्र धरलं की झालं. खरा घोळ ग्रुपचा असतो. तीस जणांची तिकिटं एकाच्या फोनमध्ये. तो एकेक कोड बोटाने सरकवणार, स्क्रीनचा उजेड कमी, वरून ऊन, मध्येच कुणाचा तरी फोन येणार. एखादा कोड चुकून दोनदा दाखवला की यंत्र लाल होतं, ‘वापरलेले तिकीट’. मग आपल्यातलं नक्की कोण आत गेलं हे त्या ग्रुपलाच कळेनासं होतं. एवढ्यात मागे रांग तापते. यावर माझा ठरलेला इलाज आहे. ग्रुप दिसला की त्याला रांगेतून बाजूला काढायचं, माणसं आणि कोड आधी जुळवून घ्यायचे आणि मगच यंत्राला हात लावायचा. नव्या मुलांना हे पटत नाही. त्यांना घाई म्हणजे काम वाटतं.

त्या दिवशी तीनच्या पुढे कोल्हापूरच्या मुली आल्या. रात्रभर टेम्पो ट्रॅव्हलरने, सगळ्यांच्या अंगात एकाच रंगाचे टी-शर्ट, सोबत पीटीच्या बाई आणि एक ड्रायव्हरकाका. मी सवयीने त्यांना बाजूला घ्यायला गेले, तर बाईंनी पिशवीतून कागदांचा गठ्ठा काढला. प्रत्येक तिकीट वेगळं छापून कापलेलं, मागे पेनाने मुलीचं नाव, आणि मुली सीट नंबरच्या क्रमाने उभ्या. माझ्या पोराने यंत्र धरलं आणि अख्खी रांग न थांबता आत गेली, एकदाही लाल नाही. इतकी वर्षं या कामात आहे, मोठ्या कंपन्यांचे इव्हेंट मॅनेजर एवढी तयारी करून येत नाहीत. मी बाईंना तसं म्हटलं. त्या म्हणाल्या, “आमच्याकडं शाहू स्टेडियमला तिकीट काढूनच मॅच बघत्यात की मॅडम. फुकट कोण सोडतंय?” खरंच आहे. पेठांच्या आणि तालमींच्या फुटबॉलसाठी पैसे मोजून गर्दी करणारं ते गाव. भांडण झालं ते हलगीवरून. वाद्य आत नेता येत नाही म्हटल्यावर ड्रायव्हरकाका एवढे हिरमुसले की ते हलगीसकट गाडीत जाऊन बसतात की काय असं वाटलं. डबेही बाहेरच ठेवावे लागले. बाईंनी मुलींना तिथेच उभ्या-उभ्या चटणी-भाकरी खायला लावून डबे रिकामे केले आणि मगच जमा केले. त्यांची तिकिटं वरच्या स्टँडची होती.

पहिली मॅच सुरू झाली तेव्हा वरचा स्टँड बऱ्यापैकी भरलेला आणि खालचा राखीव ब्लॉक जवळजवळ मोकळा. त्याच वेळी पर्थला पुरुषांच्या टी-ट्वेन्टी विश्वचषकात भारत–दक्षिण आफ्रिका सुरू झालेली, तीही बरोब्बर साडेचारला. त्यामुळे गेटबाहेर एक वेगळीच जमात तयार झाली: हातात तिकीट आहे, पण फोनवर क्रिकेट चाललंय म्हणून आत येत नाहीत. आत नेटवर्क मिळणार नाही ही खात्री. सूर्यकुमार आऊट झाल्याशिवाय हलणार नाही, असं एकाने मला स्वच्छ सांगितलं. आत नायजेरियाने तीन गोल मारले, जर्मनीने शेवटी-शेवटी तिन्ही फेडले, पेनल्टी झाल्या, नायजेरिया जिंकली. असली मॅच वर्षानुवर्षं बघायला मिळत नाही आणि ही मंडळी भिंतीपलीकडे उभी राहून १३३ धावा पुरतील का याची चर्चा करत होती.

तिसरा प्रकार याहून वाईट. साडेसहा-सातच्या सुमाराला रस्त्यावरून आवाज ऐकून लोक येऊ लागले. जवळपासच्या सोसायट्यांतले, पोरीला खांद्यावर घेतलेले बाप, कॉलेजच्या मुली. “तिकीट कुठं मिळेल?” मी सांगायचे, ऑनलाईन काढा. ते तिथेच फोन उघडायचे. खालचं हवं, लहान मूल आहे, पायऱ्या नकोत. तर खालची शिल्लक शून्य, कारण तो ब्लॉक कागदोपत्री ‘गेलेला’. माझ्या पाठीमागे शेकडो खुर्च्या मोकळ्या आणि समोर पैसे द्यायला तयार असलेला माणूस. काही जणांनी वरची काढली. काही परत गेले. परत गेलेल्यांची नोंद करायला आमच्या तक्त्यात रकाना नाही.

सातनंतर वायरलेसवर निरोप आला: कॅमेऱ्यासमोर मोकळं दिसतंय, वरच्या स्टँडमधली माणसं खाली आणून बसवा. हे सगळीकडे करतात, त्यात नवल नाही. मी दोन पोरं घेऊन वर गेले. चांगली जागा फुकट मिळतेय म्हटल्यावर लोक उठलेच. कोल्हापूरच्या बाई उठल्या नाहीत.

“आम्ही वरचंच तिकीट मुद्दाम काढलंय,” त्या म्हणाल्या. “खालनं नुसते पाय दिसत्यात. स्पेनच्या पोरी बॉल नसताना कुठं पळत्यात ते वरनंच कळतंय. त्येच दाखवायला आणलंय यांना.”

मी म्हटलं, “बाई, टीव्हीवर दिसाल.”

“आम्ही बघायला आलोय.”

मुलींमध्ये चुळबूळ झाली. दोघी-तिघींना खाली जायचं होतं हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं. कोलंबियाची लिंडा कायसेदो जवळून दिसली असती, फोटो मिळाला असता. पण बाईंनी नुसतं बघितलं आणि सगळ्या पुन्हा मैदानाकडे वळल्या. एकीच्या मांडीवर वही होती. त्यात तिने चौकोन आखून बाण काढलेले. मी वायरलेसवर ‘या रांगेतले नकार देतायत’ एवढंच कळवलं. पलीकडून आलेलं उत्तर इथे लिहिण्यासारखं नाही. आमचे साहेब तसे प्रेमळ आहेत, पण मोकळी खुर्ची दिसली की त्यांचं डोकं फिरतं.

पुढे जे झालं ते कुणालाही सुचायला हवं होतं. आठच्या आसपास पर्थची मॅच संपली, आफ्रिका शेवटच्या षटकात जिंकली, आणि गेटबाहेरची अख्खी जमात चिडलेल्या मनःस्थितीत एकदम आत घुसली. त्यात खालच्या ब्लॉकच्या बाजूची विकत घेतलेली तिकिटं बरीच. बघतात तर वरून आणलेले लोक त्यांच्या जागांवर. कारण माणूस एकदा खाली उतरला की दाखवलेल्या खुर्चीवर थोडाच थांबतो, तो मधल्या रांगेकडे सरकत जातो. त्यातच पासवाल्यांची एक बस उशिरा, हाफटाईमला, येऊन थडकली. दुसरा हाफ माझा ‘हे तुमचं, ते यांचं’ करण्यात गेला. ८२ व्या मिनिटाला स्टँड उसळला तेव्हा मी मैदानाकडे पाठ करून एका काकांना त्यांचा सीट नंबर वाचून दाखवत होते. कोलंबियाकडून स्वयंगोल झाला होता आणि स्पेन त्या एका गोलवर जिंकली. आमच्या कामात गोल असाच कळतो, समोरच्याच्या तोंडावरून.

दुसऱ्या दिवशी हिशेब जुळवताना एक सहकारी म्हणाला, “बघ, मुलींच्या फुटबॉलला फुकट दिलं तरी कुणी येत नाही.” पुराव्याला त्याच्याकडे आकडा होता: पास इतके गेले, स्कॅन इतके कमी. मी त्याला विकलेल्या तिकिटांचा वेगळा रकाना दाखवला. वरच्या स्टँडची तिकिटं आणि तिथले स्कॅन यांत फार अंतर नव्हतं. मोकळं राहिलं ते पासांचं. पण दोन्हींची बेरीज करून एकच टक्केवारी काढली की पैसे भरून आलेला माणूस त्यात दिसेनासा होतो आणि न आलेल्या पासवाल्याचं खापर खेळणाऱ्या मुलींवर फुटतं. त्याला हे पटलं नाही. त्याला आधीपासूनच काय म्हणायचं होतं ते ठरलेलं होतं, असं माझं मत.

तेव्हापासून मला बायकांच्या फुटबॉलचे गर्दीचे आकडे वाचायची खोडच लागली आहे. विकलेलं तिकीटही गळतं, हे मला मान्य आहे. वेम्बलीला २०१४ मध्ये इंग्लंड–जर्मनीची ५५,००० तिकिटं गेली आणि आत आले ४५,६१९. तरी तेवढ्यावर ‘मागणी नाही’ म्हणायला कुणी धजावलं नसतं. २०२३ च्या विश्वचषकात तर एकाच स्पर्धेत दोन्ही तऱ्हा झाल्या. न्यूझीलंडमध्ये विक्री थंड म्हणून ऐनवेळी २०,००० तिकिटं फुकट वाटली. आणि सिडनीत ऑस्ट्रेलिया–आयर्लंडची मागणी बघून सुमारे चाळीस हजारांच्या स्टेडियमवरून मॅच सहा महिने आधीच मोठ्या स्टेडियम ऑस्ट्रेलियावर हलवली, ७५,७८४ लोक आले. तिथे कुणीतरी विक्रीचा तक्ता वेळेवर उघडून बघितला, एवढाच याचा अर्थ मी घेते. त्याच्या आदल्या वर्षी इंग्लंडमधल्या युरो स्पर्धेत एक मैदान होतं ४,७०० जागांचं. त्यावर आइसलँडची कर्णधार सारा ब्योर्क गुन्नर्सडोट्टिर उघडपणे संतापली होती, आणि त्याच स्पर्धेच्या फायनलला वेम्बलीवर ८७,१९२. माणसं येणारच नाहीत असं धरून खुर्च्या मांडायच्या आणि मग तेवढीच आली म्हणायचं, हे नुसतं आपल्याकडेच होतं असं नाही.

बाई जाताना हलगी आणि डबे घ्यायला आल्या तेव्हा अकरा वाजत आले होते. ड्रायव्हरकाकांनी तिथेच पार्किंगमध्ये दोन मिनिटं वाजवलीच. बंदोबस्तावरच्या पोलिसांनी दुसरीकडे बघितलं. वहीवाल्या मुलीला मी विचारलं, काय काढलंस एवढं? ती म्हणाली, स्पेनची आठ नंबर सारखी मागं बघत होती, पास यायच्या आधी. किती वेळा ते मोजलंय. आकडा तिने सांगितला होता, मी विसरले.

माझ्या अहवालात मी दोन गोष्टी लिहिल्या होत्या. एक, पासालाही दहा-वीस रुपये घ्या. दोन, दोन दिवस आधी नाव न नोंदवलेले पास रद्द करून त्या खुर्च्या पुन्हा विक्रीला सोडा. दुसऱ्यावर साहेब ‘बघू’ म्हणाले. पहिल्यावर हसले. दहा रुपयांसाठी पावत्या, जीएसटी कोण करणार? मी सांगितलं, पाचशेपर्यंतच्या अशा तिकिटाला जीएसटी नाही. ते म्हणाले, “ते राहू दे. शाळेला पास दिला की मुख्याध्यापकांबरोबर फोटो निघतो. दहा रुपयांचं तिकीट विकलं तर फोटो कुणाबरोबर काढायचा?”