गूळ केव्हा घालायचा

आमटीत गूळ किती घालावा यावरून आमच्या घरात पुष्कळ वाद झाले. केव्हा घालावा यावरून मात्र कधीच झाला नाही, कारण त्या बाबतीत आईचा शब्द अखेरचा असे. डाळ बोटांत धरून चिरडली असता तिचे पीठ झाले पाहिजे, तोवर चिंच आणि गूळ पातेल्याच्या जवळपासही फिरकता कामा नयेत. का, असे विचारले तर "मग डाळ रुसते" एवढेच उत्तर मिळे. हा नियम मी जन्मभर पाळला आणि गेल्या वर्षीच्या संक्रांतीला, एका परदेशी पदार्थाच्या नादाने, साफ विसरले.

सात वर्षे बॉस्टनजवळ राहून बडोद्याला परतलेल्या माझ्या भाच्याने उत्तरायणाच्या संध्याकाळी दांडियाबाजारातल्या आमच्या गच्चीवर बार्बेक्यू करायचे ठरवले. १४ जानेवारीला आमचे सगळे गाव गच्चीवरच राहायला आलेले असते. पतंग, फिरक्या, उंधियू, जिलबी, चिक्की, बोरे, उसाचे करवे असे सगळे वरच चालते, त्यामुळे त्यात आणखी एक शेगडी चढली तर कुणाला गैर वाटण्याचे कारण नव्हते. भाच्याने वेल्डरकडून एक लोखंडी पिंप उभे कापून, त्याला पाय जोडून आणले होते. शेजारच्या बांचे, म्हणजे गुजराती आजींचे, सारे घर शाकाहारी असल्याने दोन जाळ्या आणि दोन चिमटे असा बंदोबस्त झाला आणि एका अंगाला कोंबडी, दुसऱ्या अंगाला पनीर आणि मक्याची कणसे अशी फाळणीही झाली. "मावशी, बेक्ड बीन्स मात्र हवेतच," भाचा म्हणाला. "गोड आणि तिखट. ते तू कर, तुला जमेल."

गोड आणि तिखट हे बडोद्याच्या दक्षिणी, म्हणजे मराठी, बाईला कुणी शिकवावे? आमची आमटी पुण्याच्या पाहुण्यांना गोड लागते आणि शेजारच्या गुजराती घरांना तिखट लागते, यावरून ती नेमकी कोणत्या गावची आहे हे ओळखता येते. सेव-उसळ हा तर या शहराचा अभिमानाचा पदार्थ. त्यातले वाटाणे, वरची झणझणीत तरी, शेव आणि कांदा यांचा संसार आम्ही रोज पाहतो. तेव्हा कडधान्याच्या एका रश्श्यात काकवी आणि मिरची घालायची यात अवघड ते काय, अशा गुर्मीत मी होकार दिला.

डब्यातले बेक्ड बीन्स मी पूर्वी चाखले होते आणि ते मला मुळीच आवडले नव्हते. हाइन्झचे हे डबे लंडनच्या फोर्टनम अँड मेसन या बड्या दुकानात प्रथम विकायला आले, तेव्हा ती चैनीची वस्तू होती. पुढे इंग्रज माणूस ते भाजलेल्या पावावर ओतून न्याहारीला खाऊ लागला. त्या डब्यातला रस टोमॅटोचा, सौम्य आणि जरा मुळमुळीत असतो. भाच्याला हवे होते ते अमेरिकेतल्या न्यू इंग्लंडचे बीन्स : मोलॅसिस म्हणजे उसाच्या मळीत, मोहरी घालून, डुकराच्या खारवलेल्या मांसाच्या तुकड्यासह रात्रभर भट्टीत ठेवलेले, जवळजवळ चॉकलेटी रंगाचे. बॉस्टनला 'बीनटाउन' हे टोपणनाव पडले ते याच पदार्थामुळे. तिथल्या प्युरिटन या कर्मठ ख्रिस्ती पंथाच्या लोकांना रविवारी धर्माज्ञेने काम वर्ज्य असल्याने शनिवारीच मातीचे भांडे भरून भट्टीत सरकवले जाई, आणि त्यावर शनिवारची रात्र व रविवार दोन्ही निभत. हे ऐकून मला परके काहीच वाटले नाही. आमच्या गल्लीत श्रावणातल्या रांधण छठीला सगळे रांधून ठेवतात आणि दुसऱ्या दिवशी, शीतळा सातमेला, चूल पेटवत नाहीत. चुलीला सुट्टी देण्याची कल्पना दोन्हीकडे बायकांनीच उचलून धरली असणार.

त्या बीन्सचे मराठी नाव शोधायला फार लांब जावे लागत नाही. आपण ज्याच्या कोवळ्या शेंगांची श्रावणघेवडा म्हणून भाजी करतो, त्याच जातीच्या वेलीचे सुकलेले दाणे म्हणजे राजमा, आणि अमेरिकी आरमाराच्या जेवणात वर्षानुवर्षे असल्यामुळे 'नेव्ही बीन' म्हणवला जाणारा तो बारीक पांढरा दाणाही त्यातलाच. कोरेगावचा वाघ्या घेवडाही त्याच कुळातला. मूळ गाव सगळ्यांचे अमेरिका खंड. मांडवीच्या दुकानात मला पांढरा राजमा मिळाला; नेव्ही बीनपेक्षा तो थोडा मोठा असतो, पण चालतो. मळीऐवजी काकवी घेतली. काकवी हा शब्द गुजरातीतही तसाच आहे, आणि थंडीत ती आमच्याकडे सहज मिळते. मात्र या दोन्हींत फरक आहे, तो नंतर चांगलाच जाणवला. साखरेचे दाणे काढून घेतल्यावर मागे उरते ती मळी, म्हणून ती कडवट. काकवीत उसाचा सगळा रस आटलेला असतो, म्हणून ती नुसती गोडच गोड.

गेल्या वर्षी मी भिजवलेला राजमा, टोमॅटोचा रस, काकवी, व्हिनेगर, मोहरीची पूड आणि तिखट असे सगळे एकदम मडक्यात घालून, भाच्याच्या मोबाइलवरची कृती प्रमाण मानून, ते ओव्हनमध्ये ठेवून दिले. दोन तासांनी दाणे कडक होते. तीन तासांनीही कडकच होते. चौथ्या तासाला रस आटून डिंकासारखा झाला, रंग सुरेख आला, वासाने खालच्या मजल्यावरचे भाडेकरू विचारपूस करून गेले, आणि दाणा मात्र दाताखाली कट्कन वाजला. बांनी एक दाणा तोंडात घेऊन सभ्यपणे पदराआड काढला. त्या रात्री सर्वांनी उंधियू खाल्ला आणि माझे मडके झाकलेलेच राहिले.

ते झाकलेले राहिले हे बरेच झाले. राजम्याच्या कच्च्या दाण्यात लेक्टिन जातीचे एक प्रथिन असते. लाल राजम्यात ते सर्वांत जास्त, पांढऱ्यात कमी. पोटात गेले तर काही तासांतच उलट्या आणि जुलाब सुरू होतात. ते नाहीसे होण्यासाठी दाणे निदान दहा मिनिटे, आणि सावधपणा म्हणून अर्धा तास, खळखळ उकळावे लागतात. उकळीच्या खाली, मंद आचेवर बराच वेळ ठेवले तरी त्याचा नाश होईलच असे नाही, उलट अर्धवट तापवल्याने उपद्रव वाढू शकतो. तेव्हा 'निखाऱ्यावर ठेवा, आपोआप शिजेल' हा सल्ला राजम्याच्या बाबतीत कुणी दिला तर ऐकू नये.

दाणे का शिजले नाहीत, याचे कारण आईच्या त्या रुसण्यातच होते. दाण्याच्या पेशी एकमेकींना चिकटून असतात त्या पेक्टिनसारख्या पदार्थांमुळे. गरम पाण्यात ते विरघळले की दाणा मऊ होतो. आंबट रसात ते लवकर विरघळत नाहीत, कॅल्शियम असेल तर ते आणखी घट्ट बांधले जातात, आणि साखरेमुळेही मऊ होणे लांबते. टोमॅटो आणि व्हिनेगर आंबट, काकवीत साखर आणि कॅल्शियम दोन्ही. म्हणजे मी दाण्यांना मऊ न होण्याची सगळी सामग्री स्वतःच्या हाताने पुरवली होती. गंमत अशी की बॉस्टनचा पदार्थ याच गुणावर उभा आहे. आधी उकळून मऊ केलेला दाणा मळीत गेला की आणखी मऊ होत नाही, त्यामुळे तो सात-आठ तास भट्टीत राहूनही लगदा न होता अख्खा राहतो. आई जे डाळीच्या भल्यासाठी टाळत होती, तेच बॉस्टनच्या बायका दाण्याच्या भल्यासाठी वापरत होत्या. फक्त वेळ दोघींनाही ठाऊक होती.

यंदा मी मोबाइल बाजूला ठेवला. अर्धा किलो राजमा रात्रभर भिजवला, ते पाणी फेकले, आणि नव्या पाण्यात, मीठसुद्धा बेताचे घालून, कुकरला पाच शिट्ट्या घेतल्या. दाणा बोटांत चिरडून पाहिला. पीठ झाले. मगच ओट्यावरच्या काकवीच्या बरणीचे झाकण उघडले.

पुढचे काम मसाल्याचे. डुकराच्या मांसातून जी चरबी आणि जो धुरकट खारेपणा येतो त्याची भरपाई करायची होती, म्हणून तीन कांदे बारीक चिरून तेलात अगदी काळपट तांबडे होईपर्यंत परतले. काकवीत नसलेला कडवटपणा त्या कांद्याने दिला. मिरचीचा तिखटपणा पाण्यापेक्षा तेलात चांगला उतरतो, म्हणून रेशमपट्टीचे तिखट दोन चमचे आणि दोन लवंगी मिरच्या त्या तेलातच सोडल्या. मोहरीची पूड टाकण्याऐवजी लोणच्याला करतो तशी मोहरी पाणी घालून फेसून घेतली, अगदी नाकात झिणझिण्या येईपर्यंत. विकतच्या पिवळ्या पेस्टला तो जोर येत नाही, हे माझे ठाम मत आहे. मग टोमॅटोचा रस, चमचाभर व्हिनेगर, लसूण आणि पाऊण वाटी काकवी. या टप्प्यावर चव घेऊन गोड कमी वाटले तरी हात आवरावा लागतो, कारण रस निम्मा आटला की गोडी दुप्पट होते आणि मग उपाय उरत नाही. तिखटाचे याच्या उलट असते : गोडाच्या आड ते जिभेवर आधी गप्प बसते आणि घास गिळल्यावर घशाशी उभे राहते.

भांडे लोखंडाचे घेऊ नये, आंबटाने रस काळा पडतो आणि लोखंडाची चव उतरते. मी पोट मोठे आणि तोंड लहान असलेले मातीचे मडके घेतले. बॉस्टनचे बीन्सचे भांडेही साधारण याच आकाराचे असते. १५० अंशांवर दोन तास ओव्हनमध्ये, आणि नंतर झाकण काढून तासभर वर गच्चीवर, शेगडीच्या कडेला, जिथे निखारे विझत आलेले असतात. शेवटी एका वाटीत लालबुंद निखारा, त्यावर थेंबभर तूप, आणि वर ताट झाकून धुंगार. भरताला देतो तोच. भाच्याने झाकण उघडून वास घेतला आणि काही बोलला नाही, सरळ वाढून घेतले. बां मात्र दोन चमचे खाऊन थांबल्या आणि नेहमीच्या चौकस आवाजात म्हणाल्या, "आमां गोळ केटलो?" किती, हे मी सांगितले, केव्हा, हे त्यांनी विचारले नाही, कारण ते त्यांनाही त्यांच्या आईने सांगितलेले असणार.

आकाशात तोवर कागदी कंदील चढले होते. निखाऱ्यांभोवती बसून भाच्याने सांगितले की उद्याची तारीख बॉस्टनमध्ये मळीसाठीच लक्षात ठेवली जाते. १५ जानेवारी १९१९ रोजी तिथल्या नॉर्थ एंड भागात मळीची पन्नास फूट उंचीची टाकी फुटली, लाटेसारखी मळी रस्त्यांतून धावली, घरे पाडत गेली आणि एकवीस माणसे दगावली. ती मळी अल्कोहोल तयार करण्यासाठी साठवलेली होती. मळीचा बॉस्टनशी संबंध त्याहून फार जुना : कॅरिबियन बेटांवर गुलामांकडून पिकवून घेतलेल्या उसाची मळी न्यू इंग्लंडच्या बंदरात येई आणि तिची रम होई, तीच स्वस्त मळी मग गरीब-श्रीमंत सगळ्यांच्या बीन्सच्या भांड्यात पडली. हे ऐकल्यावर हातातली काकवी चाटावी की नाही, असे क्षणभर झाले. हातातला तीळगूळ मात्र मी खाल्ला, त्या दिवशी तो नाकारता येत नाही.

दुसऱ्या दिवशी आमच्याकडे वासी उत्तरायण, म्हणजे शिळे उत्तरायण. नावाप्रमाणे सगळे शिळेच खायचे असते, आणि बीन्सना ते मानवते. रात्रभरात रस दाण्यांत मुरला होता आणि वरची तकतकी गेली होती. सकाळी मडक्याच्या तळाशी चार वाट्या उरल्या होत्या. मी थोडे पाणी घालून ते पातळ केले, वर कच्चा कांदा, लिंबू आणि मूठभर जाड शेव घातली, आणि पावाबरोबर गच्चीवर पाठवून दिले. खालून मला भाच्याचा आवाज ऐकू आला : पतंग कापल्यावर करतात तसा ओरडा, पण त्या वेळी आकाशात त्याचा पतंग नव्हता.