गेम फोनमधून गेला, पण डेटा कुठं राहिला?

बार्शीत माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. पूर्वी लोक "मेमरी फुल झाली" म्हणून यायचे, आता "गुगल भरलंय" म्हणून येतात. मेल यायचे बंद होतात, फोटोंचा बॅकअप अडकतो, वर लाल पट्टी दिसायला लागते. घरातल्यांचा पहिला संशय पोराच्या गेमवर असतो. आई फोन काउंटरवर ठेवते आणि म्हणते, "दादा, गेम सगळे उडवा, त्यानंच भरलंय." मागं पोरगं उभं असतं, त्याचा चेहरा उतरलेला.

अशा वेळी मी आधी काहीच उडवत नाही. अकाउंटचं स्टोरेज उघडून आईलाच दाखवतो. गुगल फुकट देतं ते १५ जीबी. जीमेल, ड्राइव्ह आणि फोटो, तिघांत मिळून. १ जून २०२१ पासून फोटो आणि व्हिडिओही त्यात मोजायला लागले आणि २०२४ मध्ये ॲण्ड्रॉइडवरचा व्हॉट्सॲपचा बॅकअपही त्यातच धरायला सुरुवात झाली. लग्नाचे व्हिडिओ, रोजच्या 'शुभ सकाळ'चे फोटो, गावच्या ग्रुपवरची कीर्तनं, सगळं त्या बॅकअपमध्ये बसलेलं असतं. गेमचा वाटा शोधायला गेलं तर काही एमबी निघतात. गुगलच्या सोयीनं गेम जी प्रगती साठवतो, त्यात एका सेव्हला ३ एमबीची आणि सोबतच्या चित्राला ८०० केबीची मर्यादा आहे. फोनचा आपोआप होणारा बॅकअप एका ॲपचा जास्तीत जास्त २५ एमबी घेतो. पोराचे सगळे गेम मिळून मामाच्या हळदीच्या एका व्हिडिओएवढेही भरत नाहीत.

गेमचं दीड-दोन जीबीचं ओझं असतं ते फोनच्या पोटात, क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवरच्या जागेत, नाही. फोन जड झाला असेल तर गेम काढून फायदा होतो. गुगल भरलं असेल तर होत नाही. हे एवढं कळलं तरी निम्म्या घरांतली भांडणं मिटतील असं मला मनापासून वाटतं. नाहीतर गेम उडवून पोराची दोन वर्षांची मेहनत जाते आणि गुगलवरची जागा मात्र काहीच सुटत नाही.

मेहनत हा शब्द मी विचार करून वापरतोय. मोठ्या माणसांना ते वेळ घालवणं वाटतं, पण सातवीतल्या मुलाला विचारा की ती पातळी गाठायला काय काय केलं. तो सांगताना थांबत नाही.

तर डेटा असतो कुठं? एक भाग फोनमध्ये, एक गुगलच्या किंवा ॲपलच्या क्लाउडवर आणि एक गेम बनवणाऱ्या कंपनीच्या सर्व्हरवर. कुठला गेम कुठं काय ठेवतो हे प्रत्येकाचं वेगळं असतं, आणि सगळा घोळ तिथंच होतो.

कंपनीच्या सर्व्हरवर काय असतं ते आपल्याकडच्या पोरांनी डोळ्यांनी पाहिलंय. २ सप्टेंबर २०२० ला पबजी मोबाईलवर बंदी आली. लोकांनी गेम काढला, कित्येकांनी फोनही बदलले. २ जुलै २०२१ ला त्याचाच भारतातला अवतार, बीजीएमआय, आला आणि फेसबुक किंवा ट्विटरनं लॉगिन केलेल्या पोरांना जुने कपडे, बंदुकांच्या स्किन (रंगरूप), सगळं परत मिळालं. फोनमध्ये कणभर काही नव्हतं, देशात गेम चालू नव्हता, तरी माल जागच्या जागी होता. क्लॅश ऑफ क्लॅन्समधलं गावही तसंच सुपरसेल या कंपनीकडे असतं, तिच्या 'सुपरसेल आयडी' खात्याला बांधलेलं. असल्या गेमसाठी ड्राइव्ह कितीही झाडलं तरी तिकडच्या डेटाला धक्का लागत नाही.

उलट गेस्ट म्हणून, म्हणजे कुठलंच खातं न जोडता, खेळणाऱ्यांचं. फ्री फायरवर १४ फेब्रुवारी २०२२ ला बंदी आली तेव्हा पोरं फ्री फायर मॅक्सवर गेली, कारण आयडी, म्हणजे गेममधली ओळख, तीच चालत होती. पण ज्यांनी गेस्टवरच खेळ चालवला होता, त्यांची ओळख फक्त त्या फोनमध्ये होती. फोन फॉरमॅट झाला की आयडी गेली. ती परत आणायचा रस्ता माझ्याकडे नाही, आणि "आणून देतो" म्हणून पैसे मागणाऱ्यावर विश्वास ठेवू नका. फोन फॉरमॅटला द्यायच्या आधी गेम उघडून सेटिंगमध्ये गेस्ट आयडी एखाद्या खात्याला जोडून घ्यायची. दोन मिनिटांचं काम आहे.

माइनक्राफ्टचं तर अजूनच वेगळं. फोनवर बांधलेली दुनिया फोनमध्येच राहते. गेम काढला की तीही जाते आणि क्लाउडवर कुठं सापडत नाही. आमच्या गल्लीतल्या एका मुलानं त्यात आपल्या आजोळचा अख्खा वाडा उभा केला होता. दिंडी दरवाजा, आतला चौक, मागची विहीर, गुरांचा गोठा. खरा वाडा पडून गेलाय, त्यानं तो आजीला विचारून विचारून बांधला. तूर विकून वडिलांनी नवा फोन घेतला, जुना चुलतीला द्यायचा ठरला आणि फॉरमॅटला माझ्याकडे आला. पोरगं सोबत होतं म्हणून कळलं. गेममध्ये त्या दुनियेपुढच्या पेन्सिलवर दाबून खाली गेलं की 'एक्स्पोर्ट वर्ल्ड' आहे. त्यातून एकच फाइल तयार होते. ती त्याच्या ड्राइव्हवर टाकली, नव्या फोनवर उघडली, वाडा जसाच्या तसा. आजी तेव्हा दुकानात नव्हती, पण संध्याकाळी तिला दाखवला म्हणून तो दुसऱ्या दिवशी सांगायला आला.

आता खरोखर डेटा काढायचाच असेल तर काय करायचं. कारणं खरी असतात. फोन विकायचाय, पोराची परीक्षा आहे आणि त्यानं स्वतःच ठरवलंय, किंवा धाकट्या बहिणीला पहिल्यापासून खेळायचंय आणि दादाची प्रगती मध्ये येते.

ड्राइव्हमध्ये गेमचा जो डेटा असतो तो लपलेला असतो, फाइलींच्या यादीत दिसत नाही. त्यासाठी ब्राउझरमध्ये ड्राइव्ह उघडायचं, वरच्या चाकावर दाबून सेटिंग्जमध्ये जायचं, तिथं 'मॅनेज ॲप्स'. जोडलेल्या ॲपची यादी येते आणि कुणाचा लपलेला डेटा किती तेही लिहिलेलं असतं. ज्याचा काढायचाय त्याच्यापुढे 'ऑप्शन्स', त्यात 'डिलीट हिडन ॲप डेटा'. इथं एक फार महत्त्वाची गोष्ट. याच यादीत व्हॉट्सॲपही असू शकतं. त्याच्यापुढचं तेच बटण दाबलं तर चॅटचा बॅकअप जातो. नाव वाचल्याशिवाय, खरं तर दोनदा वाचल्याशिवाय, दाबू नका. कुणाच्या वारलेल्या वडिलांचे आवाजी मेसेज त्या बॅकअपमध्ये असतात. त्यांची जागा दुसरं काही भरून काढत नाही.

प्ले गेम्स या गुगलच्या गेमसाठीच्या ॲपचा कारभार वेगळा. त्याच्या सेटिंग्जमध्ये प्ले गेम्सचं खातं आणि डेटा काढायचा पर्याय आहे, आणि सगळं खातं न काढता एकेका गेमचाही डेटा तिथून काढता येतो. मिळवलेले बिल्ले, गुणांच्या यादीतलं नाव, हे तिथून जातं.

क्रम मात्र चुकवू नका. नुसतं क्लाउडवरून काढलं आणि फोनमध्ये गेम तसाच ठेवला, तर पुढच्या वेळी उघडल्यावर गेम फोनमधला डेटा परत वर चढवू शकतो. नुसता फोनमधून काढला, तर पुन्हा टाकल्यावर क्लाउडवरून खाली उतरतो. "मी काल डिलीट केलं, आज परत त्याच लेव्हलला आलंय" असं आया सांगतात त्याचं कारण हे. त्यात पोरगं काही चलाखी करत नसतं, त्याला उगाच ओरडा बसतो. आधी फोनमधून गेम काढा, मग क्लाउडवरून. त्याच फोनवर पहिल्यापासून खेळायचं असेल तर क्लाउड साफ झाल्यावर पुन्हा टाका. घरात दुसऱ्या फोनवर किंवा टॅबवर तेच खातं चालू असेल तर तिथूनही काढा, नाहीतर तो वर चढवत राहतो.

आयफोनवर सेटिंग्ज, वर आपलं नाव, आयक्लाउड, त्यात स्टोरेज. तिथं ॲपची यादी येते, गेमवर दाबलं की आयक्लाउडमधला डेटा काढायचा पर्याय. तिथं फुकट जागा ५ जीबीच आहे, म्हणून लोक घाईनं दाबतात. पण एकाच ॲपल खात्यावर घरातले दोन-तीन फोन चालत असतील तर तो डेटा सगळ्यांकडूनच जातो. थोरल्याचं साफ करताना धाकटीचंही गेलं, असं व्हायला नको.

कंपनीकडचा डेटा काढायचा तर खातंच बंद करायला सांगावं लागतं. ३० जून २०२२ पासून ॲपलनं आणि पुढं गुगलनंही नियम केलाय की ज्या ॲपमध्ये खातं उघडता येतं त्यात ते बंद करायचीही सोय हवी. गुगलच्या नियमात वेबवरूनही मागणी करता आली पाहिजे असं आहे, म्हणजे गेम फोनमध्ये नसला तरी चालतं. प्ले स्टोअरवर त्या ॲपच्या 'डेटा सेफ्टी' भागात ती लिंक मिळते. गुगल खात्यातून त्या गेमचं कनेक्शन तोडलं म्हणजे कंपनीकडचं पुसलं गेलं असं नाही. फक्त पुढचं दार बंद झालं.

याची खरी गरज मला मोठ्या माणसांत जास्त दिसते. ऑगस्ट २०२५ मध्ये ऑनलाइन गेमिंगचा कायदा झाला, पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी आली. रमीचे आणि टीम लावायचे ॲप लोकांनी फोनमधून काढून टाकले आणि विषय संपला असं समजले. पण तिथं पॅन कार्ड दिलेलं असतं, बँक खातं जोडलेलं असतं, काहींनी आधारही दिलेलं. शिल्लक पैसे असतील तर आधी काढून घ्या, मग खातं बंद करायची मागणी लेखी करा आणि आलेलं उत्तर जपून ठेवा. काही नोंदी कंपन्यांना कायद्यानं ठरावीक काळ ठेवाव्या लागतात, त्या लगेच जाणार नाहीत. तरी मागणी केलेली असावी. आपली माहिती पुसून मागायचा हक्क २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यात लिहिलेला आहे आणि १८ वर्षांखालच्या मुलांच्या माहितीसाठी पालकांची संमती लागेल असंही त्यात आहे. यूपीआयवर ऑटोपे, म्हणजे आपोआप पैसे कापायची परवानगी, लावलेला असेल तर तोही वेगळा जाऊन बंद करा, ॲप काढल्यानं तो थांबत नाही.

एक गोष्ट मला सगळ्यात जास्त काळजीची वाटते. पोरं आयडी विकतात. दहावी-अकरावीची पोरं, हजार-दोन हजारांना, ओळखीच्या ओळखीतून. आयडी ज्या जीमेलला बांधलेली असते त्याचा पासवर्ड विकत घेणाऱ्याला द्यावा लागतो, आणि ते जीमेल बऱ्याचदा वडिलांचं असतं, कारण पहिला फोन वडिलांचाच होता. त्या एका पासवर्डमागं घरातले फोटो, सातबाऱ्याचे स्कॅन, बँकेचे मेल, सगळं असतं. असं झालेलं लक्षात आलं तर भांडत बसू नका, त्याच क्षणी पासवर्ड बदला, खात्यात कुठली कुठली उपकरणं लॉगिन आहेत ती पाहा आणि अनोळखी सगळी बाहेर काढा. मुलाला मारून काही होत नाही, उलट पुढच्या वेळी तो सांगणार नाही.

म्हणून मुलाच्या गेमसाठी वेगळं खातं काढून द्या, घरच्या देखरेखीखाली. त्याचा डेटा त्याच्यापाशी राहतो, तुमचा तुमच्यापाशी, आणि काढायची वेळ आली तर नेमकं काय काढायचं ते कळतं. त्या खात्यात अधूनमधून लॉगिन करत राहा, कारण २ वर्षं अजिबात न वापरलेलं खातं गुगल बंद करू शकतं आणि त्याच्यासोबत त्यातलं सगळं जातं.

मोबाईलवर ड्राइव्हची ती 'मॅनेज ॲप्स'ची यादी सापडत नसेल तर क्रोममध्ये ड्राइव्ह उघडून वरच्या तीन टिंबांतून 'डेस्कटॉप साइट' लावा, मग दिसते. तरीही जमलं नाही तर दुकानात या, एवढ्या कामाचे मी पैसे घेत नाही. येताना ज्याचा गेम आहे त्या मुलाला किंवा मुलीलाही सोबत आणा. काय ठेवायचं आणि काय काढायचं ते मी आधी त्यांनाच विचारतो.